रस्त्याचं ओझं

मागोमेच्या पर्यटक कचेरीत सकाळी आम्ही आमच्या दोन सॅक काउंटरवर ठेवल्या. पलीकडच्या माणसाने त्यांना चिठ्ठ्या बांधल्या आणि अर्धी चिठ्ठी फाडून आमच्या हातात दिली. दुपारनंतर त्या सॅक डोंगरापलीकडच्या त्सुमागो गावात मिळणार होत्या. आम्ही मात्र मधली खिंड ओलांडून आठेक किलोमीटर चालत जाणार होतो. बरोबर वाट दाखवायला एक बाई होत्या. सत्तरी ओलांडलेल्या, याच खोऱ्यात माहेर आणि याच खोऱ्यात सासर. नागोयात नोकरी करणारी माझी भाची दुभाषी म्हणून आली होती.

निघण्याआधी बाईंनी आम्हाला त्या काउंटरपाशीच थांबवलं. गाव बघायची सुरुवात इथूनच करायची, असं त्यांचं म्हणणं. दोनशे वर्षांपूर्वी या गावात जे चाले तेच आत्ता तुमच्यासमोर घडलं, एकाने ओझं खाली ठेवलं आणि दुसऱ्याने उचललं. या गावाचा जन्म त्यासाठीच झालेला. खानावळी, चहाची दुकानं, जाळीच्या खिडक्या हे सगळं त्या ओझ्यामागून आलं.

मी या गावांची छायाचित्रं वर्षानुवर्षं पाहत आले होते. दगडी फरशीचा चढ, दोन्ही अंगांना काळपट लाकडी घरं, मागे निळे डोंगर. त्या चित्रांत ओझं कुठेच नसतं. बाईंच्या त्या पहिल्या वाक्याने माझा दिवसच बदलला. मग मी दिवसभर रस्त्याकडे बघत होते आणि मनात एकच प्रश्न होता, की याचं ओझं कोणी उचललं?

सतराव्या शतकाच्या सुरुवातीला तोकुगावा शोगुनांनी एदोहून, म्हणजे आजच्या तोक्योहून, निघणारे पाच राजरस्ते बांधून काढले. त्यांतले दोन क्योतोला जाणारे. समुद्राच्या कडेने जाणारा तोकाइदो आणि पोटातल्या डोंगरांतून जाणारा नाकासेन्दो. तोकाइदोवर ५३ टप्पे, नाकासेन्दोवर ६९. नाकासेन्दो सुमारे ५३४ किलोमीटरचा, तोकाइदोपेक्षा लांब आणि चढणीचा. तरीही लोक तो पत्करत, कारण तोकाइदोला मोठ्या नद्या आडव्या येत. ओइ नदीवर तर शोगुनांनी पूल होऊ दिला नव्हता. हमालांच्या खांद्यांवरून पलीकडे जायचं, आणि पाणी चढलं की ते उतरेपर्यंत काठावर दिवस मोजत बसायचं. डोंगरातला रस्ता दमवणारा असला तरी बेत कोलमडू देत नसे. राजघराण्यातल्या मुली लग्नासाठी एदोला निघाल्या, की बहुधा याच वाटेने जात.

या रस्त्याचा सगळ्यात अवघड तुकडा किसो नदीच्या खोऱ्यातला. त्याला किसोजी म्हणतात. त्यावर अकरा टप्प्यांची गावं आहेत. एदोकडून मोजत आलं तर त्सुमागो ४२वं आणि मागोमे ४३वं. अशा गावाला जपानीत शुकुबा म्हणतात. सरकारी हुकूम घेऊन येणाऱ्या प्रवाशाचा माल पुढच्या टप्प्यापर्यंत पोचवायचा, तिथे नव्या माणसांच्या आणि नव्या घोड्यांच्या स्वाधीन करायचा आणि परतायचं, हे या गावांचं पहिलं काम. तोकाइदोवरच्या प्रत्येक टप्प्याने त्यासाठी शंभर माणसं आणि शंभर घोडी सज्ज ठेवायची. नाकासेन्दोवर पन्नास आणि पन्नास. किसोच्या गावांना डोंगरामुळे सवलत होती, पंचवीस माणसं आणि पंचवीस घोडी.

पंचवीस ऐकायला थोडे वाटतात. पण १६३५ पासून नियम झाला, की प्रत्येक दाइम्योने, म्हणजे सरंजामदाराने, ठरावीक काळ एदोत शोगुनांच्या नजरेखाली राहायचं आणि ठरावीक काळ आपल्या मुलखात. तीसेक दाइम्योंची ये-जा नाकासेन्दोवरून होई, तीही भालदार, पालख्या, पेट्या आणि शेकडो माणसं घेऊन. अशा वेळी पंचवीस कुठे पुरणार? मग आसपासच्या खेड्यांवर माणसं आणि जनावरं पुरवण्याची सक्ती होती. त्या पद्धतीला सुकेगो म्हणत. बाई त्याचं वर्णन करत होत्या आणि भाची योग्य शब्द शोधत अडखळली. मीच म्हटलं, "वेठ." तिने बाईंना तो शब्द आपल्या परीने समजावला. त्यांनी मान डोलावली. भात लावणीला आलेलं असताना खेड्यातली माणसं इथे दुसऱ्याच्या पेट्या उचलायला यायची, असं त्या म्हणाल्या.

१८६१ साली सम्राटाची बहीण राजकन्या काझुनोमिया शोगुन इएमोचीशी लग्न करायला याच वाटेने गेली. तिचा लवाजमा इतका लांबलचक होता की एकेका टप्प्यावरून तो पूर्ण पुढे सरकायला काही दिवस लागले. राजकन्येची मिरवणूक म्हणून ती चित्रांत आणि जत्रांत येते. पण ज्या खेड्यांतून त्या दिवसांसाठी माणसं ओढून आणली, त्यांच्या घरात तो हिवाळा कसा गेला असेल?

मागोमे गाव डोंगराच्या सोंडेवर वसलंय. सपाट जागा म्हणून नाही. सगळा चढ. रस्त्याच्या कडेने पाणी खळखळत खाली उतरतं, मध्ये एक पाणचक्की फिरते, आणि गावाच्या तोंडाशी रस्ता दोनदा काटकोनात वळतो. शत्रूला सरळ घुसता येऊ नये म्हणून अशी वळणं मुद्दाम ठेवलेली. इथली घरं दिसायला जुनी, पण मूळची फार थोडी. १८९५ आणि १९१५ अशा दोन आगींत गाव बहुतेक जळालं. त्यामुळे मागोमेचं जुनेपण घरांत शोधू नये. ते एका पुस्तकात आहे.

शिमाझाकी तोसोन हा कवी आणि कादंबरीकार १८७२ साली या गावच्या होन्जिनमध्ये जन्मला. होन्जिन म्हणजे दाइम्यो आणि दरबारी मंडळी जिथे उतरत ते घर. होन्जिन, गावची पाटीलकी आणि घोडी-हमाल पुरवण्याची कचेरी ही तिन्ही कामं पिढ्यान्‌पिढ्या शिमाझाकी घराकडे होती. १९२९ ते १९३५ या काळात तोसोनने आपल्या वडिलांच्या आयुष्यावर एक प्रचंड कादंबरी लिहिली. तिचं नाव 'योआके माए', म्हणजे 'पहाटेपूर्वी'. विल्यम नाफ यांनी केलेला तिचा इंग्रजी अनुवाद १९८७ साली आला. मी येण्याआधी दोन महिने तो वाचत होते, आणि या वाटेवर येणाऱ्या प्रत्येकाने निदान पहिला भाग तरी वाचून यावा, असं मला मनापासून वाटतं.

कादंबरीतला हान्झो हा होन्जिनचा वारस आहे. ओझं वाहणारी माणसं त्याच्या अंगणात उभी राहतात, त्यांना कामाला जुंपायचं काम त्याचं आहे, आणि ते करताना त्याचं मन खात असतं. शोगुनशाही जाऊन सम्राटाचं राज्य आलं की या गरिबांचे दिवस पालटतील, अशी त्याची खरीखुरी श्रद्धा. १८६८ साली ते राज्य येतं, पण डोंगरातली जंगलं लोकांना मोकळी होण्याऐवजी सरकारी होऊन बसतात. खेड्यांच्या वतीने तो अर्ज करतो आणि त्यापायी गावच्या कारभारातून काढला जातो. पुढे त्याचं मन ढळतं. तोसोनचे खरे वडीलही असेच गेले. १८७४ साली तोक्योत त्यांनी सम्राटाच्या मिरवणुकीत स्वतःचं काव्य लिहिलेला पंखा फेकला होता. नंतर गावातलं एइशोजी देऊळ पेटवायचा प्रयत्न केला, घरच्यांनी त्यांना कोंडून ठेवलं, आणि १८८६ साली त्या कोंडीतच ते वारले.

ते एइशोजी अजून गावात आहे. होन्जिन १८९५ च्या आगीत गेलं, घरातल्या वडीलधाऱ्यांसाठी बांधलेली मागची छोटी इमारत तेवढी वाचली. होन्जिनच्या मोकळ्या जागेवर १९४७ साली तोसोनचं स्मारक उभं राहिलं. रचना तानिगुची योशिरो या वास्तुकाराची, आणि बांधणारे हात गावकऱ्यांचे. युद्ध संपून दोन वर्षंच झाली होती, लोकांच्या पोटाला पुरेसं नव्हतं. तशा दिवसांत या शेतकऱ्यांनी दगड-माती वाहून एका कादंबरीकाराचं स्मारक बांधलं. बाईंना ही गोष्ट सांगताना जो अभिमान होता, तो मला दिवसभरात पुन्हा दिसला नाही. बाकी सगळं त्यांनी माहिती म्हणून सांगितलं. हे मात्र घरातलं सांगावं तसं.

गावाच्या वरच्या टोकाला मोकळं मैदान आहे. तिथून समोर एना पर्वत दिसतो, २१९१ मीटरचा, रुंद खांद्यांचा. भाचीने फोटो काढले. मी तिथे विकत मिळणारी गोहेइ-मोची खाल्ली. भात कुटून काठीवर थापायचा, अक्रोड, तीळ आणि मिसोचा खमंग लेप लावून निखाऱ्यावर भाजायचा. तीळ आणि अक्रोडाचा तो वास पुढच्या पहिल्या चढापर्यंत हाताला होता.

वाटेवर ठिकठिकाणी खांबाला पितळी घंटा टांगल्या आहेत. येणाऱ्याने घंटा वाजवायची, म्हणजे अस्वलाला माणसाची चाहूल लागून ते बाजूला होतं. बाई प्रत्येक घंटा वाजवत होत्या, अगदी हाकेच्या अंतरावर दुसरी टोळी दिसत असली तरीही. जुनी फरसबंदी काही ठिकाणी शाबूत आहे. काही ठिकाणी वाट चक्क डांबरी रस्ता ओलांडते, काही ठिकाणी कुणाच्या भाताच्या खाचरांच्या बांधावरून जाते. परसात मुळे वाळत घातलेले असतात, झाडाची पर्सिमनं केशरी झालेली असतात. ही वाट संग्रहालयातून जात नाही, लोकांच्या दारावरून जाते. पायांना तो फरक लगेच कळतो.

मागोमेहून खिंडीकडे जाताना तोगे नावाची छोटी वस्ती लागते. तोगे म्हणजेच खिंड. इथे माझी चाल सगळ्यात जास्त रेंगाळली. कारण इथे बैलवाले राहत.

सरकारी माल टप्प्याटप्प्याने बदलायचा, पण व्यापाऱ्यांचा माल तोगेचे बैलवाले दूरवर थेट नेत. घोड्याला रात्री तबेला लागतो, खाणं निगुतीचं लागतं. बैल रस्त्याच्या कडेला उघड्यावर बसतो, मिळेल ते चरतो आणि खडकाळ उतरणीवर पाय घसरू देत नाही. म्हणून या खोऱ्यात बैलवाल्यांना मोल होतं. १८५६ साली, नाकात्सुगावाच्या एका माल-दलालाने भाड्याच्या हिशोबात आपल्याला नाडलंय, असं या बैलवाल्यांच्या ध्यानात आलं. त्यांनी त्याचा माल उचलायचंच बंद केलं. बैल गोठ्यात बांधून ठेवले. मध्यस्थ आले, बोलणी लांबली, पण ही माणसं हटली नाहीत, आणि शेवटी त्यांचं म्हणणं मान्य करावं लागलं. तोसोनने कादंबरीत हा प्रसंग सविस्तर घेतला आहे. रस्त्याच्या अडीचशे वर्षांत ओझं वाहणाऱ्यांनी ओझ्याची अट स्वतः घातली, अशी ही जागा. आता तिथे काही लाकडी घरं आहेत आणि एक कुत्रं उन्हात पडलेलं होतं. बाईंनी थांबवलं नसतं तर आम्ही ती वस्ती दोन मिनिटांत मागे टाकली असती. वाट सापडायला वाटाड्याची गरज नव्हती, पाट्या सगळीकडे आहेत. थांबायचं कुठे, ते मात्र त्यांच्यामुळेच कळलं.

खिंडीची उंची आठशे मीटरच्या आसपास. इथे गिफू आणि नागानो या दोन प्रांतांची हद्द आहे. २००५ पर्यंत ती इथे नव्हती. मागोमेही नागानोतच होतं. त्या वर्षी ते गिफूच्या नाकात्सुगावा शहरात सामील झालं, आणि तोसोनचं गाव नागानोबाहेर गेलं. चित्रकार केइसाइ एइसेनने नाकासेन्दोच्या चित्रमालिकेत मागोमेचं चित्र या खिंडीतून खाली बघत काढलं. त्सुमागोचं चित्र त्याच मालिकेत हिरोशिगेचं आहे.

खिंड उतरू लागलं की उजेड बदलतो. सुगी आणि हिनोकी या जातींची सरळसोट झाडं दोन्ही बाजूंनी दाटतात. हिनोकीला आपल्याकडे नाव नाही. देवदाराच्या कुळातल्यासारखा दिसणारा, तांबूस सालीचा सूचिपर्णी वृक्ष. लाकूड फिकट, एकसारख्या रेषांचं, आणि त्याला लिंबासारखा वास. देवळं, राजवाडे याच लाकडाचे. इसेचं महादेऊळ दर वीस वर्षांनी नव्याने बांधतात. २०३३ मध्ये पुढची पाळी आहे, आणि २०२५ च्या जूनमध्ये त्यासाठीची पहिली झाडं याच खोऱ्यातल्या आगेमात्सुजवळ विधीपूर्वक तोडली.

शोगुनांच्या काळात हे डोंगर ओवारीच्या सरदारांच्या ताब्यात होते. हिनोकी आणि तिच्या जोडीची सावारा, नेझुको, आसुनारो, कोयामाकी अशी पाच झाडं रयतेला तोडायला बंदी. एक झाड, एक मुंडकं, अशी म्हण या खोऱ्यात अजून सांगतात. खिंडीच्या या अंगाला इचिकोकुतोची नावाची जागा आहे. तिथे १८६९ पर्यंत लाकूड तपासायची चौकी होती. जाणाऱ्या-येणाऱ्याच्या ओझ्यात बंदीचं लाकूड आहे का, ते बघायचं. पेटी, ताट, काठी, सगळ्यावर नजर. डोंगरात जन्मून, लाकडात वाढून, ज्यांना घराच्या तुळईसाठीही ते लाकूड घेता येत नव्हतं, त्यांच्या दारावरून रोज कुणाच्या तरी मालकीचे ओंडके जात होते.

चौकीच्या जागेजवळच एक जुनं घर आहे. तिथे गावातली माणसं आळीपाळीने बसतात आणि येणाऱ्या प्रत्येकाला चहा देतात. पैसे मागत नाहीत. कुणी खुशीने ठेवले तर डबा आहे. आत चुलखंडात लाकडं धुमसत होती. आमच्या आधी आलेलं एक जोडपं, बहुधा फ्रेंच, बूट काढून चुपचाप बसलं होतं. म्हातारबाबांनी आम्हाला भिजवलेल्या आलुबुखाराची वाटी पुढे केली. कुठून आलात, विचारलं. भाचीने भारत म्हणून सांगितल्यावर त्यांनी भिंतीवरच्या जगाच्या नकाशाकडे बोट करून दाखवायला लावलं. आम्ही पश्चिम किनाऱ्यावर बोट ठेवलं.

पुढे दोन धबधबे आहेत, ओताकी आणि मेताकी, म्हणजे नर आणि मादी. योशिकावा एइजीच्या 'मुसाशी' कादंबरीत ते येतात. बघून पुढे निघालो.

त्सुमागो एकदम येत नाही. आधी ओत्सुमागो नावाची वाडी, मग नदीकाठची वाट, मग एका वळणावर घरांची ओळ. वरचे मजले रस्त्यावर पुढे आलेले, उभ्या पट्ट्यांच्या जाळ्या, काही छपरं लाकडी फळ्यांची आणि फळ्या वाऱ्याने उडू नयेत म्हणून त्यांवर दगड. विजेची तार दिसत नाही, ती घरांच्या मागून नेली आहे. दिवसा दहा ते चार गाडी आत येऊ देत नाहीत. पत्रपेटी जुन्या काळासारखी काळी, लाकडी. १८४३ च्या सरकारी नोंदीत या गावात ८३ घरं आणि ४१८ माणसं होती, आणि त्या ८३ घरांपैकी ३१ खानावळी. प्रत्येक तिसऱ्या दारात वाटसरूची सोय.

मग रस्ता उठून गेला. १९११ मध्ये मध्य जपानची रेल्वे किसो खोऱ्यातून पूर्ण झाली. रूळ नदीच्या काठाने गेले, त्सुमागो बाजूला राहिलं. माल रेल्वेने जाऊ लागला, माणसंही. ज्या गावाने अडीचशे वर्षं दुसऱ्यांचं ओझं वाहिलं, त्याला एकाएकी कुणी ओझंच देईना. साठ वर्षांत तरुण निघून गेले, घरं वाकली, छपरं गळू लागली. गरिबीमुळे कुणाला जुनं पाडून नवं बांधणंही परवडलं नाही, म्हणून घरं उरली, एवढंच.

१९६० च्या दशकात सारा देश नवं बांधण्याच्या घाईत होता. तोक्योत ऑलिम्पिक झालं, शिनकान्सेन धावली. त्याच सुमारास, त्सुमागो ज्या नगरात येतं त्या नागिसोच्या नगरपालिकेतल्या कोबायाशी तोशिहिको यांच्यासारख्या मोजक्या माणसांनी उलट दिशा धरली. तोक्यो विद्यापीठाचे वास्तुइतिहासकार ओता हिरोतारो मदतीला आले. १९६८ मध्ये, सम्राटाचं राज्य येऊन, म्हणजे मेइजी काळ सुरू होऊन, शंभर वर्षं झाली त्या निमित्ताने, नागानो प्रांताने पैसा दिला आणि तेरा-शिता या भागापासून काम सुरू झालं. पहिल्या तीन वर्षांत २६ घरं उतरवून, कुजलेलं लाकूड बदलून पुन्हा उभी केली. त्याच वर्षी गावकऱ्यांची संस्था स्थापन झाली. नाव 'त्सुमागोवर प्रेम करणाऱ्यांची मंडळी'. गावातलं प्रत्येक घर तिचं सभासद.

घरं दुरुस्त झाली तशी गर्दी आली. १९७० मध्ये जपानी रेल्वेने देश बघा म्हणून मोठी मोहीम काढली होती आणि शहरातली माणसं जुनं गाव शोधत हिंडत होती. जमिनीचे दलालही आले. गाव तेव्हा गरीब होतं, हे विसरता कामा नये. कुणी पुढ्यात नोटांची चळत ठेवली असती तर घर विकणाऱ्याला दोष देता आला नसता. १९७१ मध्ये गावाने एकत्र बसून सनद केली. घर, शेत, डोंगर विकायचं नाही. भाड्याने द्यायचं नाही. पाडायचं नाही. कुणाला खिडकी बदलायची, पाटी लावायची, तर आधी गावाच्या समितीपुढे सांगायचं. आपल्याच घरावरचा आपला हक्क लोकांनी आपल्या हाताने आखडून घेतला.

सरकारचा कायदा त्यानंतर आला. १९७५ मध्ये जपानने वारसा-कायद्यात दुरुस्ती करून एकेकट्या देवळांबरोबर अख्खी गावं जपण्याची तरतूद केली. १९७६ मध्ये पहिली सात ठिकाणं निवडली, त्यांत त्सुमागो होतं. जपलेला भाग १२४५ हेक्टरांचा. रस्त्याच्या दोन बाजूंची घरं तर त्यात आहेतच, मागचे डोंगर, शेतं, रानसुद्धा आहेत. वाकिहोन्जिनच्या दारात उभं राहून वर नजर टाकली की डोंगराच्या माथ्यापर्यंत खुपणारं काहीच का दिसत नाही, त्याचं कारण हे.

ते वाकिहोन्जिन, म्हणजे होन्जिनला जोडीचं दुसरं मानाचं घर, हायाशी घराण्याचं. त्यांचा साके गाळण्याचा धंदा होता. आजची इमारत १८७७ ची. मी तारीख ऐकली आणि खिंडीवरची चौकी आठवली. चौकी उठून आठच वर्षं झाली होती. जे लाकूड तोडल्याबद्दल मुंडकं जायचं, त्याच हिनोकीचं हे सबंध घर. खांब जाड, रुबाबदार, जणू कुणी इतक्या पिढ्यांची हौस एकदम भागवली. १८८० मध्ये सम्राट मेइजी इथे थांबले होते, ती खोली दाखवतात. तोसोनच्या पहिल्या प्रेमाच्या कवितेमागची मुलगी मागोमेच्या दाइकोकुया घरातली. ती या घरात सून म्हणून आली.

मधल्या खोलीत जमिनीत खोदलेला चुलखंड आहे, इरोरी. तिथे घर दाखवणाऱ्या एका बाईने आम्हाला भोवती बसवलं. मग एकेकाला सांगितलं, तू कोणाच्या जागेवर बसलास. घरधन्याची जागा ठरलेली, पाहुण्याची ठरलेली, घरधनिणीची ठरलेली, आणि सगळ्यात खाली, लाकडं सारायच्या बाजूला, सुनेची आणि गड्याची. मी नेमकी तिथे बसले होते. सगळे हसले, बाई हसल्या, पण माझ्या मनातून ती जागा गेली नाही. धूर खोलीभर होता. रोज पेटवतात, धुराने लाकडाला कीड लागत नाही म्हणून. दुपार कलत होती. जाळीच्या खिडकीतून तिरपे उन्हाचे पट्टे त्या धुरात उतरले, काळ्या फरशीवर लांब पडले. हिवाळ्यात ऊन खाली येतं तेव्हा हे पट्टे सगळ्यात सुंदर दिसतात, त्यासाठी लोक मुद्दाम येतात. फरशी आरशासारखी चमकत होती. ती अशी चमकायला दीडशे वर्षं कोणाचे तरी गुडघे टेकलेले होते.

रात्री आम्ही जुन्या खानावळीतच राहिलो. जेवायला नदीचा मासा, रानभाज्या, आणि सुनकी नावाचं लोणचं. सलगमच्या पाल्याचं, मीठ न घालता आंबवलेलं. मिठाची वाट डोंगरातून लांबची, म्हणून ते असं झालं असं यजमानीण म्हणाली. पाचनंतर दुकानं मिटली. रस्त्यावर कागदी कंदिलांचा उजेड आणि पाण्याचा आवाज. दिवसा ज्या रस्त्यावर चार भाषा ऐकल्या, तिथे मी एकटी होते.

त्या अंधारात मला एक गोष्ट दिसली जी दिवसा दिसली नव्हती. कितीतरी घरांत दिवा नव्हता. विकायचं नाही, भाड्याने द्यायचं नाही, या सनदेने १९७१ मध्ये पैसेवाल्याला दाराबाहेर ठेवलं. पण ज्याचं मूल नागोयाला किंवा तोक्योला गेलं आणि परतलं नाही, त्याच्या दारातून आता दुसरं कुणी सहज आत येऊ शकत नाही. नागिसो नगराची सारी लोकसंख्या चार हजारांच्या आसपास उरली आहे. सकाळी मी बाईंना त्याबद्दल विचारलं. त्या बराच वेळ बोलल्या नाहीत. मग सांगितलं, की सभांमध्ये हाच विषय असतो. सनद मोडली तर गाव जाईल, सनद जशीच्या तशी राहिली तर माणसं जातील. माझं मत विचाराल तर सनद करणाऱ्यांचं चुकलं असं मला वाटत नाही. त्यांनी त्यांच्यापुढचा धोका ओळखला. पुढचा धोका त्यांच्या नातवंडांनी ओळखायचा आहे, आणि तो दलालाइतका स्वच्छ दिसणारा नाही.

आता आणखी एक रस्ता येतोय. तोक्यो ते नागोया चुंबकीय रेल्वेचा बोगदा याच डोंगरांखालून, नागिसोच्या हद्दीतून जाणार आहे. थांबा नागिसोला नाही, नाकात्सुगावाला आहे. २०२७ ला सुरू व्हायची होती, आता २०३४ च्या आधी होणार नाही. पुन्हा एकदा रस्ता या गावाला टाळून जाईल, या वेळी पायांखालून.

नागिसो स्थानकाकडे चालत निघायचं म्हणून आम्ही सकाळी लवकर उठलो. कचेरीतून सॅक आदल्या संध्याकाळीच घेतल्या होत्या. रात्री थोडा पाऊस होऊन गेला होता, मॅपलची पानं फरशीला चिकटली होती. एक आजी दारापुढचा रस्ता झाडत होत्या. लांब दांड्याचा, बांबूच्या काड्यांचा झाडू. आपल्या दाराचं झालं तशा त्या थांबल्या नाहीत. शेजारच्या घराला कुलूप होतं, जाळीवर धूळ होती. त्याच्या उंबऱ्यापुढची पानंही त्यांनी गोळा केली, त्याच्या पुढच्या घराचीही. तिथे शेवटची पानं गोळा झाल्यावर त्या क्षणभर उभ्या राहिल्या, कमरेवर हात ठेवून.

आम्ही "ओहायो गोझाइमास" म्हटलं. त्यांनी झाडू बाजूला धरून आम्हाला वाट करून दिली.